मोडत्या लग्नाची बैठक

लग्न ठरवायची बैठक आपल्याकडे एका दुपारीत आटोपते. हॉल कुणी घ्यायचा, जेवणावळ कुणाच्या अंगावर, मानाच्या साड्या किती आणि त्यातली वरमाईची केवढ्याची, हे सगळं दोन्हीकडचे मामा थोडं ताणून, थोडं सोडून ठरवतात. याद्यांवर सह्या होतात आणि मंडळी पोहे-चहा घेऊन उठतात. तेच लग्न मोडायचं झालं की घरं तीच, मामा तेच, रक्कमही फार वेगळी नाही. पण बैठक कौटुंबिक न्यायालयात सुरू होते आणि उच्च न्यायालयात अपील चालू असताना कधीतरी संपते. मधल्या काळात मामांच्या गुडघ्यांची ऑपरेशनं होतात. माझा दाट संशय असा आहे की शेवटी ज्या आकड्यावर दोन्ही पक्ष सही करतात, त्याच्याच आसपासचा आकडा पहिल्या महिन्यात कुणा काकांनी चहाचा घोट घेता घेता सुचवलेला असतो, आणि त्या अपराधाबद्दल दोन्ही घरांनी काकांना पुढच्या सगळ्या मुंजी-बारशांतून वगळलेलं असतं. आता जो आकडा काकांना एका कपात कळला, तो दोन शिकल्यासवरलेल्या घरांना इतकी वर्षं का कळू नये? माझं म्हणणं, तो त्यांनाही कळलेला असतो. भांडण रकमेचं नसतंच. ‘आधी हो कोण म्हणालं’ एवढ्यापुरतंच ते असतं, आणि दोघांनाही एकाच क्षणी हो म्हणता यावं म्हणून सरकारने केलेली सोय म्हणजे अपील. माझ्याकडे वकिलीची सनद नाही, त्यामुळे हे मत फुकट आहे आणि म्हणूनच ते कुणी मानणार नाही, याची मला कल्पना आहे. तरी पुरावा मांडतो.

पहिला पुरावा म्हणजे दोन्ही बाजूंचे पहिले कागद. ज्या मुलीच्या बायोडेटात ‘करिअरची आवड’ असं ठळक अक्षरांत होतं, ती पोटगीच्या अर्जात ‘कधीही नोकरी केलेली नाही व करण्याची शक्यताही नाही’ अशी होते. तिच्या महिन्याच्या खर्चाच्या तक्त्यात ‘किरकोळ’ या सदराखाली जी रक्कम असते तिच्यात एखादं छोटं बिऱ्हाड चालावं. आणि हीच बाई रिक्षावाल्याकडून सुटे सात रुपये घेतल्याशिवाय खाली उतरत नाही. नवऱ्याचा बायोडेटा तर आणखी वाचनीय. स्थळ म्हणून फिरत होता तेव्हा त्याचं पॅकेज वरच्या अंगाने सांगितलेलं, शिवाय ‘स्वतःचा टू बीएचके’. जबाब दाखल करताना तोच गृहस्थ कंपनी कधी काढेल याचा नेम नसलेला साधा नोकरदार होतो, फ्लॅट आईच्या नावावर निघतो, गाडी मित्राची असते आणि पगाराचा मोठा भाग कर्जाच्या हप्त्यांत जातो. हे कर्ज कशासाठी काढलं, असं विचारलं तर उत्तर येतं, “लग्नासाठी.” एवढं एकच वाक्य त्या जबाबात शंभर टक्के खरं असतं.

ही केवळ विनोदी लेखकाची निरीक्षणं म्हणून सोडून द्यायचं कारण नाही. २०२०च्या नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाने पोटगीच्या एका निकालात, पत्नीचा कल गरजा वाढवून सांगण्याकडे आणि पतीचा कल उत्पन्न दडवण्याकडे असतो, असं स्पष्टच नोंदवलं आणि देशभर दोघांनीही आपली मालमत्ता व देणी प्रतिज्ञापत्रावर जाहीर करावीत असा दंडक घातला. त्या प्रतिज्ञापत्राचा नमुनाही न्यायालयानेच दिला. त्यात स्वतःच्या उत्पन्नाचे रकाने आहेतच, पण जोडीदाराच्या उत्पन्नाबद्दल आपल्याला काय ठाऊक आहे तेही लिहायला जागा ठेवली आहे. ही जागा ज्याला सुचली त्याला संसार कळलेला होता. स्वतःच्या रकान्यात ‘निरंक’ लिहून हात आखडणारा माणूस दुसऱ्याच्या रकान्यापाशी आला की पुरवण्या मागतो. सासऱ्याची पेन्शन, नणंदेच्या नावावरची मुदतठेव, गावाकडच्या सामाईक जमिनीतल्या बांधावरचे आंबे, सगळं तिथे उमटतं. एकमेकांशी चार वर्षं न बोललेल्या माणसांना एकमेकांचं इतकं माहीत असतं, तर रकमेबद्दल अज्ञान आहे असं कोण म्हणेल?

ज्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाचा हा निकाल आला ते होतं नागपूरचं, आणि त्याच्या तारखा माझ्या बाजूने साक्ष देतात. पत्नीचा अर्ज २०१३चा. कौटुंबिक न्यायालयाने २०१५ साली अंतरिम पोटगी ठरवली: पत्नीला महिना १५,००० रुपये आणि मुलाला पुढच्या काळासाठी १०,०००. नवरा वर गेला. २०१८ साली मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने तोच हुकूम कायम केला. तो आणखी वर गेला. २०२० साली सर्वोच्च न्यायालयानेही पंधरा आणि दहाच कायम ठेवले. आकडा तसूभर हलला नाही. देशाला त्यातून चांगले नियम मिळाले, हे खरं, आणि ते मिळणं गरजेचं होतं. पण त्या घरापुरतं पाहिलं तर तीन पायऱ्या चढून मंडळी जिथे पोचली ती पहिलीच पायरी होती. बरं, ही सगळी चढण अंतरिम पोटगीची, म्हणजे मूळ प्रकरण निकाली निघेपर्यंतच्या पोटगीची. हिंदू विवाह कायद्याच्या २४व्या कलमाखाली असा अंतरिम अर्ज आला तर नोटीस बजावल्यापासून साठ दिवसांत तो शक्यतो निकाली काढावा, असं कायद्यात लिहिलेलं आहे. अपेक्षा ठेवायला कायद्यालाही मनाई नाही.

रक्कम माहीत असूनही ती तोंडातून का फुटत नाही, हे पाहायचं तर मध्यस्थीच्या खोलीबाहेरच्या बाकावर बसावं. तिथे मध्यस्थ दोन्ही पक्षांना आळीपाळीने, वेगवेगळं आत बोलावतात. नवऱ्याला विचारतात, “किती देऊ शकता?” तो म्हणतो, “पंधरा लाखांच्या वर एक छदाम नाही.” “आणि समजा, त्या बाविसावर आल्या तर?” नवरा छताकडे बघतो. “तिला आधी म्हणू दे. मग बघू.” मग बायको आत येते. “तीसच्या खाली मी येणार नाही.” “आणि समजा, ते बाविसाला तयार झाले तर?” “त्यांना आधी म्हणू दे. आणि मॅडम, मी असं म्हणाले असं प्लीज सांगू नका.” म्हणजे दोघांच्याही पोटात बावीस आहे, मध्यस्थांना दोघांच्या पोटातलं दिसतं आहे, आणि तरी पुढची तारीख पडते. कारण घरी गेल्यावर आई विचारणार असते, “तू का आधी बोललास?” तिकडे मावशी विचारणार असते, “एवढी घाई काय होती गं?” बावीस लाखांचा बोजा पेलता येतो; मावशीच्या त्या ‘गं’चा पेलत नाही.

कायदे करणाऱ्यांना हा स्वभाव कळलेला नव्हता असं मात्र कुणी म्हणू नये. मध्यस्थीत जे बोललं जातं ते पुढे न्यायालयात पुरावा म्हणून वापरता येत नाही. म्हणजे आधी कोण बोललं याची नोंदच राहत नाही. वकील एकमेकांना प्रस्ताव पाठवतात ते ‘आमच्या हक्कांना बाधा न येता’ अशी ढाल पुढे धरून. १९८४च्या कौटुंबिक न्यायालय कायद्याने तर तडजोडीचा प्रयत्न करणं हे न्यायालयाचं पहिलंच कर्तव्य ठरवलं, त्यासाठी समुपदेशकांची सोय केली आणि वकील लावणं हा पक्षकाराचा हक्क असणार नाही असंही लिहून ठेवलं. त्याच कायद्यात आणखी एक शहाणपणाची तरतूद आहे: दोघांच्या संमतीने झालेल्या हुकुमावर अपील करता येत नाही. न्यायाधीशांनी केलेला निर्णय चुकू शकतो, पण नवरा-बायकोचं एकदा खरंच एकमत झालं तर ते पुन्हा तपासायचा धोका कुणी पत्करू नये, असा त्यामागचा विचार असावा. एवढी सगळी दारं पहिल्या दिवसापासून सताड उघडी असूनही माणसं अपिलापर्यंत चालत येतात ती यासाठी, की तिथे एक नवी गोष्ट मिळते. दोन न्यायमूर्ती वरून म्हणतात, “दोन्ही बाजूंनी थोडं थोडं सोडा आणि मिटवून टाका.” काकांनी हेच म्हटलं होतं. पण काकांच्या आगमनाची वर्दी द्यायला पुढे लाल पट्ट्याचा शिपाई नव्हता. आता दोघंही घरी जाऊन सांगू शकतात, “मी काही बोललो नाही. हायकोर्टच म्हणालं.”

यावर पहिला आक्षेप ठरलेला: हे सारं वकिलांमुळे होतं. हा आक्षेप घेणाऱ्यांनी अशील कसा वकील निवडतो ते पाहावं. पहिल्याच भेटीत “बाविसात मिटवा, माझी फी वाचेल” असं म्हणणाऱ्या वकिलाच्या कार्यालयातून अशील खाली उतरतो आणि जिन्यातच म्हणतो, “यांच्यात दम नाही.” मग तो शेजारच्या इमारतीत जातो, जिथे टेबलावर मूठ आपटून “त्यांना रस्त्यावर आणतो” असं सांगणारे साहेब बसलेले असतात. वकील भांडण लांबवत असतील, पण लांबीची मागणी गिऱ्हाइकाचीच असते. एवढंच काय, अपिलाच्या सुमाराला बहुतेक वेळा दोन्ही वकील कॉरिडॉरमध्ये एकमेकांच्या कोटाला धरून कधीच ठरवून बसलेले असतात, आणि पुढचे सहा महिने ‘आपला माणूस ऐकत नाही हो’ असं एकमेकांना सांगण्यात घालवतात.

दुसरा आक्षेप हिशेबी लोकांचा. ते म्हणतात, एक सूत्र ठरवून टाका, पगार घाला, बटण दाबा, पोटगी बाहेर. सूत्राचाही अनुभव घेऊन झाला आहे. २०१७ साली बंगालमधल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७०च्या आपल्याच निकालाचा आधार घेत, नवऱ्याच्या निव्वळ पगाराच्या २५ टक्के पोटगी वाजवी ठरेल असं म्हटलं. झालं, नवऱ्यांच्या वकिलांना त्या २५ टक्क्यांत छत दिसलं आणि बायकांच्या वकिलांना फरशी. शिवाय टक्केवारी कशाची, हा नवा वाद वर आला. ‘निव्वळ’ पगारातून भविष्यनिर्वाह निधी वजा करायचा का, गृहकर्जाचा हप्ता वजा करायचा का, वडिलांचं डायलिसिस कुठे धरायचं? त्यात प्राप्तिकर खातंही खुर्ची ओढून बसतं. दरमहा मिळणारी पोटगी ही उत्पन्न म्हणून करपात्र, पण घटस्फोटाच्या वेळी मिळालेली एकरकमी रक्कम ही भांडवली प्राप्ती, असा निवाडा मुंबई उच्च न्यायालयाने १९८०च्या दशकात एका राजकन्येच्या प्रकरणात दिला होता. म्हणून एकरकमी बावीस आणि दरमहाचे बावीस हे एक नव्हेत, असं सीए समजावून सांगतो तेव्हा त्या दोन घरांत पहिल्यांदा एकवाक्यता दिसते: सरकारला काही जाता कामा नये. आणि सूत्राने भांडणं मिटत असती तर गोव्यात या बाबतीत शुकशुकाट असायला हवा. तिथे पोर्तुगीज काळापासूनच्या दिवाणी कायद्यानुसार, लग्नाआधी वेगळा करार केला नसेल तर, नवरा-बायको मालमत्तेचे निम्मे-निम्मे मालक. सूत्र याहून सोपं काय असणार? पण निम्मं कशाचं, हे ठरवायला आधी सगळ्याची यादी करावी लागते, आणि यादी म्हटली की आपण परत मूळ पदावर येतो.

तिसरा आक्षेप मात्र हसण्यावारी नेता येत नाही. कुणी म्हणेल, ज्या बाईला माहेरचा आधार नाही, मूल पदरी आहे आणि दोन वर्षं पोटगीचा पैसा आलेला नाही, तिच्या बाबतीत हा ‘आधी कोण’चा खेळ नाही, तिथे लांबण हेच हत्यार आहे आणि तडजोड म्हणजे दमून टाकलेली मान. हे मान्य. माझा सिद्धांत जिथे दोन्ही घरी रात्रीची चूल पेटते तिथपर्यंतच चालतो. आणि म्हणूनच अपिलातली एक पद्धत मला फार आवडते. नवरा हुकुमाला स्थगिती मागायला येतो तेव्हा न्यायालय साधारणपणे म्हणतं, स्थगिती हवी तर आधी थकबाकी, निदान तिचा मोठा भाग, भरा. मागच्या आठवड्यापर्यंत जो गृहस्थ तत्त्वासाठी दिल्लीपर्यंत जाणार होता, त्याला या आठवड्यात अचानक कुटुंबसंस्थेचं महत्त्व पटतं. “शेवटी आपलीच माणसं आहेत हो,” असं तो वकिलाला सांगतो. तत्त्व आणि डिपॉझिट यांत डिपॉझिट भरायची तारीख आधी येते, एवढंच त्याचं कारण.

रकमेवर एकदाचं जमलं, की खरी लढाई सुरू होते: सामानाची. बायकोचं स्त्रीधन हे तिचंच असून सासरी ते विश्वासाने ठेवलेलं असतं, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ सालीच सांगून टाकलेलं आहे. त्यावर नवऱ्याकडून येणारं उत्तर पिढ्यान्‌पिढ्या एकच: “कपाटाची किल्ली तिच्याकडेच असायची.” मग तडजोडनाम्याला परिशिष्ट जोडलं जातं. त्यात लिहिलेलं असतं: चांदीची निरांजनं, एक जोड, पैकी एकाला पोचा. मोरपंखी पैठणी, आत्याने दिलेली. मिक्सर, तीन भांड्यांसह. या तीन भांड्यांवर सगळं अडतं. सामान परत करायच्या दिवशी टेम्पो इमारतीखाली उभा असतो, पंच म्हणून शेजारचे निवृत्त गृहस्थ आणलेले असतात, आणि मिक्सरबरोबर भांडी निघतात दोन. चटणीचं भांडं नाही. “ते कधी नव्हतंच,” सासू म्हणते. “त्यात तुम्हीच रोज लसूण वाटायचात,” सून म्हणते. कित्येक महिन्यांत दोघींचं एकमेकींशी झालेलं हे पहिलं बोलणं. बावीस लाखांचा डीडी पाकिटात तयार, टेम्पोवाल्याचं वेटिंग चालू, आणि दोन उच्चशिक्षित घरं एका चटणीच्या भांड्याभोवती उभी. कुणी म्हणेल, इथे तरी भांडण वस्तूचं आहे. पण तिथे कुणी चारशे रुपये काढून नवं भांडं आणून दिलं, तर ते सुनेला नको असतं. तिला ‘होतं’ एवढं ऐकायचं असतं. आणि सासू तेवढंच म्हणणार नसते.

तडजोडनाम्याचा मसुदा हा या सगळ्यावरचा कळस. त्यात पहिल्यांदा दोन्ही पक्ष एकमेकांवरचे सर्व आरोप मागे घेतात, जणू मधली कागदपत्रं दुसऱ्याच कुणीतरी लिहिली होती. मग हप्ते. पहिला हप्ता सही करताना, दुसरा फौजदारी तक्रार रद्द होताना, तिसरा घटस्फोटाच्या हुकुमाच्या वेळी. दोन्ही बाजू एकमेकांवर पूर्ण विश्वास असल्याचं लिहून देतात आणि डीडी खरा आहे का ते बँकेत फोन करून विचारतात. नावात ‘सौ.’ चालेल का, सासरचं आडनाव की माहेरचं, यावरून डीडी एकदा तरी परत बँकेत जातोच. संमतीने घटस्फोट घ्यायचा तर कायद्यात सहा महिने थांबायला सांगितलं आहे. २०१७ सालच्या निकालाने न्यायालयाला ते माफही करता येतात. तरी हुकूम होईपर्यंत संमती मागे घ्यायची मुभा दोघांनाही असते. म्हणजे लग्न झाल्यापासून ज्यांचं भाजीत गूळ घालण्यावरही एकमत झालं नाही, त्यांनी वेगळं होण्यावर अखंड एकमत टिकवून दाखवायचं. फ्लॅट द्यायचा ठरला तर आणखी बहार. महाराष्ट्रात नवऱ्याने राहतं घर बायकोला बक्षीस दिलं तर मुद्रांक शुल्क २०० रुपयांवर भागतं, मात्र त्यासाठी ती बायको असायला हवी. त्यामुळे घटस्फोटाच्या आधी बक्षीसपत्र उरकावं, हे कुठल्याही हुशार माणसाला सुचतं. अशा दस्तात ‘नैसर्गिक प्रेम व मायेपोटी’ असे शब्द घालायची रीत आहे. वकील तो मजकूर वाचून दाखवतात, नवरा खाली बघून सही करतो, बायको दुसरीकडे बघून सही करते, आणि त्या संसारातला प्रेमाचा एकमेव लेखी, नोंदणीकृत पुरावा दुय्यम निबंधकांच्या कार्यालयात जमा होतो.

इथे प्रकरण संपायला हवं, पण पैशाचा वाद लोकअदालतीत मिटला तर भरलेलं न्यायशुल्क परत मिळतं. महाराष्ट्रात पोटगी-घटस्फोटाच्या दाव्यांत स्त्रियांना हे शुल्क १९९४पासून माफ आहे, तेव्हा अपिलाचा स्टॅम्प लावलेला असतो नवऱ्याने. परत येणारी रक्कम म्हणाल तर टेम्पोच्या वेटिंगहूनही कमी. नवरा म्हणतो, “मी भरली, माझी.” तिकडून मामा चष्मा चढवून तडजोडनामा काढतात. “कलम नऊ बघा. ‘उभय पक्षांचा एकमेकांवर कोणताही आर्थिक दावा शिल्लक नाही.’ मग ही तुमची कशी?” वकील घड्याळाकडे बघतात. मध्यस्थ बाई बिचाऱ्या पाकिटाला हात घालतात आणि म्हणतात, “हे मी माझ्याकडून दिले तर चालेल का दोघांना?”

“आधी त्यांना विचारा,” दोन्ही बाजू एकदम म्हणतात.